दोर खंय गेलो? : मालवणच्या एका रिळाचं प्रकरण

मालवणच्या एका घरात, माळ्यावर ठेवलेल्या बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात आठ मिलिमीटर फिल्मची नऊ रिळं निघाली. ज्यांनी ती चित्रित केली ते गृहस्थ व्यापारी जहाजावर इंजिनिअर होते. त्यांना जाऊन बरीच वर्षं झाली. त्यांची नात चित्रकार आहे. मुंबईत राहते, जुन्या चित्रफिती घेऊन आठवण आणि यंत्र यांच्यातल्या ओढाताणीवर काम करते. आजोबांच्या रिळांतून तिला त्याच घरात, पडवीत, एक इन्स्टॉलेशन, म्हणजे त्या जागेतच मांडलेली कलाकृती, उभं करायचं होतं. रिळांची तपासणी, स्कॅनिंगची व्यवस्था आणि मुलाखतींच्या नोंदी हे काम माझ्याकडे होतं.

कोकणात जुने फोटो, पत्रं, रिळं सापडण्याचे प्रसंग बरेच येतात. हे प्रकरण सविस्तर लिहायचं कारण वेगळं आहे. मशिनने साफ करून रंगवलेल्या चित्राने घरातल्या एका माणसाची आठवण बदलली, आणि आधीचं व नंतरचं अशी दोन्ही ध्वनिमुद्रणं हातात असल्यामुळे हा बदल समोर ठेवून दाखवता येतो. असा पुरावा सहसा मिळत नाही, कारण आपण सगळे आधी चित्र दाखवतो आणि मग विचारतो, ‘काय आठवतं?’

डब्यात काय टिकलं

डबा उघडला तेव्हा नाकात व्हिनेगरचा वास गेला. फिल्म हाताळणाऱ्याला या वासाचा अर्थ सांगावा लागत नाही. जुन्या फिल्मचा पाया सेल्युलोज अॅसिटेटचा असतो. उष्णता आणि दमट हवा मिळाली की तो फुटायला लागतो, त्यातून अॅसिटिक आम्ल सुटतं, आणि तेच आम्ल पुढची झीज आणखी वेगाने घडवतं. बंद डब्यात वाफ कोंडली की एका रिळाचा रोग शेजारच्या रिळाला लागतो. या बिघाडाची पहिली नोंदलेली तक्रार भारतातूनच गेली होती. गरम आणि दमट जागी ठेवलेल्या सरकारी फिल्म खराब होत असल्याचं १९५४ साली कोडॅक कंपनीला कळवण्यात आलं. मालवणचा जून ते सप्टेंबर ज्याने काढला आहे त्याला याचं आश्चर्य वाटणार नाही. तिथे कपाटातल्या चपलांनासुद्धा बुरशी येते.

नऊपैकी पाच रिळं मात्र ठणठणीत होती. ती जपानी फुजी कंपनीची, १९६५ साली बाजारात आलेल्या सिंगल-८ पद्धतीची. जहाज जपानला लागायचं, तिथून आणलेली. या फिल्मचा पाया पॉलिएस्टरचा, त्यामुळे त्याला व्हिनेगरचा रोग होत नाही. ओळखायची सोपी खूण अशी की रीळ आडवं धरून दिव्यासमोर न्यायचं. पॉलिएस्टर असेल तर गुंडाळीच्या कडेतून उजेड पार येतो, अॅसिटेट असेल तर कड काळीच राहते. ही पाच रिळं जेवणाच्या टेबलावर, साध्या टॉर्चने वेगळी काढता आली.

त्यांत होतं काय? बारशी, एक मुंज, घरी आणलेला पहिला फ्रिज, आणि नारळाच्या झाडांवरून कॅमेरा फिरवत घेतलेली लांबच लांब दृश्यं. घरच्यांना त्यात फारसा रस नव्हता. ज्या रिळासाठी सगळे अडून बसले होते ते उरलेल्या चारांतलं, म्हणजे आजारी गटातलं. ‘बोटीचं रीळ’ असं घरात त्याचं नाव. चारांपैकी एक चिकटून गोळा झालं होतं, दोघांवरचा चित्राचा थर पापुद्र्यासारखा सुटत होता. बोटीचं रीळ आकसलं होतं, कडांना लाटा आल्या होत्या, पण उलगडत होतं. काय टिकावं हे फिल्मच्या पायाने ठरवलं. घरच्यांच्या जिव्हाळ्याचं त्यात काही चाललं नाही.

आजारी चार रिळं त्याच दिवशी वेगळी केली आणि हवा खेळेल अशा प्लास्टिकच्या डब्यांत ठेवली. घरातल्या एकाने जुना प्रोजेक्टर माळ्यावरून उतरवून ठेवला होता. त्याला नम्रपणे नाही म्हणावं लागलं. फिल्म एक टक्क्याच्या आसपास आकसली की तिची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांशी जुळत नाहीत, आणि एकदा भोकं फाटली की स्कॅनरसुद्धा फार काही करू शकत नाही.

रीळ कोणत्या सालचं?

फिल्मच्या कडेला कोडॅक कंपनी बारीक भौमितिक खुणा छापायची. त्यावरून फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते कळतं. अडचण एवढीच की या खुणा दर वीस वर्षांनी पुन्हा त्याच येतात. या रिळावरची खूण १९४२ ची किंवा १९६२ ची. आजोबा १९४२ साली शाळेत होते, तेव्हा प्रश्न मिटला. डब्याच्या झाकणावर शाईने लिहिलेला पत्ता होता, ‘मालवण, जि. रत्नागिरी’. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ ला वेगळा झाला, म्हणजे झाकणही त्याआधीचं. चित्रीकरण १९६२-६३ च्या उन्हाळ्यातलं धरायला हरकत नाही. पावसाळ्यात बोट बंद असायची आणि रिळातलं ऊन मे महिन्याचं आहे.

त्या काळी मुंबईहून मालवणला यायचं म्हणजे बोटीने. कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावायला १९९८ साल उजाडलं आणि त्याच्या आधीच बोट इतिहासजमा झाली होती. मालवणच्या किनाऱ्यालगत खडकच खडक, त्यामुळे बोट बाहेर खोल पाण्यात उभी राहायची. किनाऱ्यावरून पडाव, म्हणजे वल्ह्यांच्या होड्या, जायचे, शिडीवरून माणसं, बोचकी, ट्रंका, कोंबड्या उतरवून घ्यायचे आणि वल्हवत बंदरावर आणायचे. गावातल्या साठीच्या पुढच्या कोणालाही विचारा, शिडीवरून पडावात पाय टाकण्याचा तो क्षण आजही त्यांच्या पोटात गोळा आणतो.

आधी ऐकायचं, मग दाखवायचं

चित्रकार ताईंची एक अट पहिल्यापासून होती. रीळ स्कॅन होऊन येण्याआधी घरातल्या वडीलधाऱ्यांच्या आठवणी रेकॉर्ड करायच्या, आणि त्या वेळी त्यांना एकही चित्र दाखवायचं नाही. घरच्यांना हे उफराटं वाटलं. ‘चित्र बघितल्याशिवाय आठवणार कसं?’ हा प्रश्न रास्तच होता. ताई म्हणाल्या, ‘चित्र बघून जे आठवेल ते चित्राचं असेल. मला आधी यांचं हवंय.’

त्या बोटीतल्या उतारूंपैकी आता एकच व्यक्ती हयात आहे. आजोबांची धाकटी बहीण, घरात सगळे त्यांना आत्या म्हणतात. वय ऐंशीच्या पुढे, कान तिखट, बोलणं अस्सल मालवणी. रेकॉर्डिंगमध्ये त्यांनी सांगितलं ते असं:

‘बोट भायर उभी रवायची. आम्ही पडावात उतरलांव. आवशीन हिरवा लुगडा नेसलेला, तांबड्या काठाचा. दादाक बोट लागली, तो टॉवेल डोक्यार घेवन वाकान बसललो. तेवढ्यात आमची ट्रंक पाण्यात पडली.’

‘आवस’ म्हणजे आई, ‘दादा’ म्हणजे आजोबा. इथे ऐकणारे सगळे हसले. जन्म जहाजावर काढलेल्या माणसाला बोट लागली, तीही मालवणच्या बंदरात! आत्या मात्र ठाम होत्या. दादा टॉवेलखाली होता, म्हणून ट्रंक पडताना त्याला दिसलीच नाही, नाहीतर त्याने उडी घातली असती. ट्रंक पडाववाल्यांनी आकडीने ओढून काढली, आतल्या साड्या खळ्यात वाळत घातल्या, दोन दिवस घरभर खारट वास.

बोटीचा विषय निघाला की कोकणात ‘रामदास’ निघतेच, तशी याही बोलण्यात निघाली. १७ जुलै १९४७ ला मुंबईहून रेवसला निघालेली ती बोट बुडाली आणि सहाशेहून अधिक माणसं गेली. आत्या तेव्हा लहान होत्या. त्यांच्या आईने पुढे कित्येक वर्षं बोटीत चढताना हातातली बांगडी तोंडाशी धरून काहीतरी पुटपुटायची सवय लावून घेतली होती. हा तपशील रिळात नाही. असायचं कारणही नाही.

टॉवेलचं कोडं

मग स्कॅन आला. मुंबईतल्या एका ठिकाणी दात्यांशिवाय फिल्म ओढणाऱ्या यंत्रावर एकेक फ्रेम वेगळी टिपून घेतली. पन्नास फुटांचं रीळ, फुटाला ऐंशी फ्रेम, म्हणजे सुमारे ४,००० चित्रं. सेकंदाला १६ च्या वेगाने चार मिनिटं दहा सेकंद.

पहिल्या भागात बोटीच्या डेकवरून सिंधुदुर्ग किल्ल्याचा तट जवळ येताना दिसतो. मग पडाव येतो, शिडी, माणसं, नऊवारीतली एक बाई पदर खोचून उतरते, ती आत्यांची आई. पडाव सुटतो. आणि बरोबर दोन मिनिटं पाच सेकंदांनी चित्र पांढरं पडत पडत पूर्ण धुपून जातं. काही क्षण नुसता पांढरा धूर. त्यानंतर थेट किनारा, बैलगाडी, घर.

जुन्या आठ मिलिमीटर कॅमेऱ्याची ही रीतच होती. त्यात फिल्म सोळा मिलिमीटर रुंदीची आणि पंचवीस फुटांची घालायची. एका बाजूच्या अर्ध्या पट्टीवर चित्रं घेऊन झाली की कॅमेरा उघडायचा, फिरकी उलटी करून पुन्हा बसवायची आणि दुसरी अर्धी पट्टी वापरायची. धुताना लॅबवाले ती मधोमध चिरून, दोन तुकडे जोडून पन्नास फुटांचं रीळ करून द्यायचे. पंचवीस फूट म्हणजे २,००० फ्रेम, म्हणजे दोन मिनिटं पाच सेकंद. फिरकी उलटताना उजेड आत गेला की त्या टोकाची फिल्म धुपते, म्हणून माणसं हे काम सावलीत, कोटाखाली, अंगावर काहीतरी घेऊन करत.

आजोबांना बोट लागली नव्हती. भर उन्हात, हलत्या पडावात, टॉवेलखाली डोकं घालून ते फिरकी बदलत होते. आत्यांच्या डोळ्यांनी बरोबर टिपलं होतं, अर्थ तेवढा त्यांनी आपल्या परीने लावला. आणि ट्रंक पडली असेल तर ती नेमकी याच पांढऱ्या धुरात पडली. चित्रीकरण करणारा त्या क्षणी चित्रीकरणाच्याच कामात गुंतला होता म्हणून तो क्षण रिळात नाही.

हे कळलं तेव्हा मला फार आनंद झाला, हे कबूल करतो. साठ वर्षांपूर्वीच्या प्रसंगाची तोंडी साक्ष आणि फिल्मची यांत्रिक घडण एकमेकींशी इतक्या नेमकेपणाने जुळताना मी दुसरीकडे पाहिलेली नाही. ट्रंकेचा पुरावा अर्थात यातून मिळत नाही. टॉवेलचा मिळतो.

पुण्याहून आलेली रंगीत प्रत

स्कॅन करणाऱ्यांनी दोन प्रती दिल्या होत्या. एक कच्ची, फिल्मवर जे आहे ते सगळं डागांसकट. दुसरी आपोआप साफ केलेली, कारण गिऱ्हाईकांना तीच हवी असते. ताईंचा चुलतभाऊ पुण्यात आयटीत आहे. त्याने साफ प्रत घेतली आणि हौसेने, स्वतःच्या खर्चाने, एआयच्या साधनांतून काढली. कृष्णधवलाचं रंगीत केलं, सेकंदाला १६ फ्रेमच्या ६० केल्या, आणि पाच मिलिमीटरहूनही कमी रुंदीची फ्रेम फोर-के या मोठ्या, बारीक तपशिलाच्या आकारात नेली. घरच्या ग्रुपवर टाकली. सगळे हरखून गेले, आणि हरखणं साहजिक होतं. पणजी खरोखर चालत आल्यासारखी वाटत होती.

या प्रतीत काय झालं होतं ते थोडं उकलून सांगायला हवं.

रंगाचं पाहू. कृष्णधवल फिल्मवर हिरवा आणि लाल हे दोन्ही रंग जवळजवळ सारख्याच करड्या छटेत उतरू शकतात. रंग कोणता होता ही माहिती फिल्मवर शिल्लकच नसते. मशिन लाखो इतर चित्रांवरून शिकून, अशा आकाराच्या कापडाला सहसा कोणता रंग असतो, याचा अंदाज बांधतं. लुगडं निळसर झालं. तो अंदाज चूक की बरोबर हे फिल्मवरून सांगता येत नाही, पण तपासायला एक जागा होती. रिळाच्या दुसऱ्या भागात घराची चिऱ्यांची भिंत दिसते. ती भिंत आजही उभी आहे, जांभ्या दगडाची, तांबडीलाल. मशिनने ती सिमेंटसारखी राखाडी रंगवली होती. ज्या चित्रांवर ते शिकलं त्यांत कोकणातले चिरे फारसे नसावेत.

हालचालीचा हिशेब ताईंनी कागदावर मांडला. मूळ फ्रेम सेकंदाला १६, नव्या ६०. दोन्हींच्या वेळा सेकंदात फक्त चारदा जुळतात. म्हणजे सेकंदभरात दिसणाऱ्या ६० चित्रांपैकी ५६ मशिनने दोन खऱ्या चित्रांच्या मधली जागा कल्पून रचलेली. उरलेल्या चारांचाही तपशील वाढवताना फेरफार झालेला. आपण जी गुळगुळीत चाल पाहून गहिवरतो ती बहुतांशी कॅमेऱ्यासमोर घडलेलीच नाही.

तपशील वाढवण्यात आणखी एक गंमत झाली. बोटीच्या बाजूवर नावाच्या जागी कच्च्या स्कॅनमध्ये केवळ करडा फराटा आहे. मोठ्या केलेल्या प्रतीत तिथे अक्षरांसारखं काहीतरी उगवलं. चुलतभावाने त्यात एक नावही वाचलं. त्याच्या काकांनी दुसरंच वाचलं.

‘दोर खंय गेलो?’

रिळात घरच्यांइतकीच आणखी चार माणसं दिसतात. पडाव वल्हवणारे. घरातल्या कोणालाही त्यांची नावं ठाऊक नाहीत. गाबित वाड्यातले, म्हणजे मच्छिमारांच्या वस्तीतले, असणार एवढंच. ताईंना त्यांच्या घरच्यांना हे रीळ दाखवल्याशिवाय पुढे जायचं नव्हतं. आपल्या आजोबांच्या आठवणींत ज्यांची पाठ, हात आणि मेहनत आहे त्यांना विचारायला नको का, हा त्यांचा मुद्दा. मला तो पटला, तरी हे काम किती निसटतं आहे याची धास्तीही होती.

दाखवायला त्यांनी टॅबवर रंगीत प्रत नेली, कारण वयस्कर डोळ्यांना कच्चा स्कॅन फार अंधारा वाटतो. वाड्यातले एक वृद्ध गृहस्थ, तरुणपणी स्वतः पडावावर काम केलेले, शांतपणे बघत होते. पडाव बोटीला लागतो त्या जागी त्यांनी हात वर केला.

‘मागे घे गो बाय.’

मागे घेतलं. पुन्हा बघितलं.

‘पडाव बोटीक लागलो, पण दोर खंय (कुठे) गेलो? दोर उडवल्याशिवाय पडाव लागता कसो?’

खरंच, पुढच्या माणसाचे दोन्ही हात वर जातात, मुठी मिटतात, अंग मागे रेलतं, आणि हातात काहीच नाही. आम्ही ते दृश्य कितीतरी वेळा पाहिलं होतं. कोणाच्याही लक्षात आलं नव्हतं. त्या कामाची सवय असलेल्या हातांनाच ती उणीव टोचली.

कच्चा स्कॅन काढून एकेक फ्रेम तपासली. दोर आहे. बोटीवरून फेकलेला, हवेत वळसा घेत येणारा, पाच फ्रेमभर, म्हणजे सेकंदाच्या तिसऱ्या हिश्शापेक्षाही कमी वेळ. बारीक, काळी, तिरकी रेघ. आपोआप साफसफाई करणारी प्रणाली प्रत्येक फ्रेम तिच्या आधीच्या आणि नंतरच्या फ्रेमशी ताडून पाहते. एखादी गोष्ट एकाच फ्रेममध्ये दिसली आणि शेजारच्या दोन्हींत त्या जागी नसली की तिला धूळ किंवा ओरखडा समजून पुसते. सेकंदाला सोळाच फ्रेम, त्यात वेगाने उडणारा दोर. प्रत्येक फ्रेममध्ये तो नव्या जागी. प्रणालीच्या नियमाप्रमाणे तो ओरखडाच. त्याच कारणाने शिडीजवळ उडालेलं पाण्याचं तुषारही साफ झालं होतं आणि किल्ल्यावरचे पक्षीसुद्धा.

स्कॅन करणाऱ्यांना दोष देण्यात अर्थ नाही. लग्नाच्या व्हिडिओला हीच सफाई वरदान ठरते. पण ज्याला साठवण म्हणून जपायचं त्याची कच्ची प्रत मागून घेणं आणि ती कधीच न पुसणं याला पर्याय नाही. आम्ही ती मागून घेतली होती म्हणून दोर परत सापडला.

कच्चा स्कॅन पाहून त्या गृहस्थांनी मान डोलावली. चेहरे ओळखता आले नाहीत, फ्रेममध्ये एकेक चेहरा म्हणजे दोन-चार ठिपके. पुढच्या माणसाची उभं राहण्याची ढब मात्र आपल्या चुलत्याची वाटते, असं ते म्हणाले. वाटते, एवढंच. ताईंनी नोंदही तशीच केली.

निळं लुगडं

दरम्यान रंगीत प्रत आत्यांच्या नातवाने त्यांना फोनवर दाखवली होती. किती वेळा, याचा हिशेब कोणी ठेवला नाही; आत्यांना ती फार आवडली होती आणि त्या ती मागून मागून बघत. इन्स्टॉलेशनसाठी काही वाक्यं नीट आवाजात पुन्हा हवी होती म्हणून ताईंनी दुसरं रेकॉर्डिंग केलं. आत्यांनी तीच हकीकत सांगितली. टॉवेल होता. ट्रंक होती. आईचं लुगडं निळं होतं.

ताईंनी मध्ये टोकलं नाही. रेकॉर्डिंग संपल्यावर आत्यांना त्यांचंच पहिलं रेकॉर्डिंग ऐकवलं. आत्या थोडा वेळ गप्प राहिल्या आणि म्हणाल्या, ‘मी म्हटलंय तर खरा असतला. पण आता डोळ्यांम्होरं निळाच येता.’

हे म्हातारपणामुळे झालं असं म्हणून सोडून देऊ नये. २००२ साली किंबर्ली वेड आणि सहकाऱ्यांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. वीस प्रौढ माणसांना त्यांच्या बालपणीचे फोटो दाखवले, त्यात एक बनावट. गरम हवेच्या फुग्यातून ते फेरी मारताहेत असा. अशी फेरी त्यांनी कधीच मारलेली नव्हती. तीन मुलाखतींनंतर त्यांतल्या निम्म्या लोकांना ती पूर्ण किंवा अर्धवट ‘आठवायला’ लागली. तिथे एक जोडकाम केलेला फोटो होता. इथे आपल्याच आईचं चालतंबोलतं चित्र, घरच्याच माणसाने प्रेमाने दाखवलेलं, परत परत. आठवण हलणार नाही तर काय होईल?

आत्यांना काही गमावल्याचं दुःख झालं असं मला दिसलं नाही. निळ्या लुगड्यातली आई त्यांना रोज भेटते आहे. म्हणूनच हे प्रकरण काळं-पांढरं करून सांगता येत नाही, आणि चुलतभावाला खलनायक ठरवून तर मुळीच नाही. पण कोकणातली बोट कशी होती, पडाव कसा लागायचा, बायका काय नेसायच्या याची साक्ष देऊ शकणारी माणसं आता मोजकी उरली आहेत. त्यांना रंगीत प्रत दाखवण्याआधी ऐकून घ्यायला एक दुपार पुरते. नंतर ते होत नाही.

पांढऱ्या धुराचं काय करायचं

खरा वाद पुढे झाला. चुलतभावाने सुचवलं की आता एआय व्हिडिओ बनवूनही देतं. आत्यांच्या वर्णनावरून ट्रंक पडण्याचा प्रसंग तयार करू आणि त्या पांढऱ्या जागी बसवू. आत्या बघून खूश होतील. घरातले बहुतेक त्याच्या बाजूने.

हरवलेलं पुन्हा उभं करण्यात पाप नाही. अकबर पदमसींनी १९६९ च्या सुमारास केलेल्या एका प्रायोगिक फिल्मची एकुलती एक प्रत हरवली होती. आशिम अहलुवालिया यांनी २०१६ मध्ये खुद्द पदमसींना सोबत घेऊन, स्मरणाच्या आधाराने, तिचा पुन्हा शोध घेतला. तिथे हे नव्याने केलेलं आहे हे उघड होतं, आणि ज्याची आठवण होती तोच शेजारी बसला होता. इथे ट्रंक रिळाच्या आत, खऱ्या फ्रेमच्या रांगेत घुसवायची होती. एकदा ती तशी बसली की पुढच्या पिढीला जोड कुठे आहे ते कळणारच नाही.

ताईंनी पांढरा धूर तसाच ठेवला. मग गणपतीत, चाकरमानी गावी आलेले असताना, पडवीच्या दोन भिंतींवर काम लावलं. डावीकडे कच्चा स्कॅन, सेकंदाला १६ फ्रेम, डाग, बुरशी, ओरखडे आणि दोर यांसकट. उजवीकडे चुलतभावाच्या प्रतीतून फक्त मशिनने रचलेल्या ५६ फ्रेम. खऱ्याशी जुळणाऱ्या चारांच्या जागी काळोख. दोन्ही चित्रं एकाच वेळी सुरू होतात. डावीकडे दोर हवेत येतो तेव्हा उजवीकडे माणूस रिकाम्या मुठी मिटतो. दोन मिनिटं पाच सेकंदांनी डावी भिंत पांढरी होते आणि आत्यांचा पहिल्या रेकॉर्डिंगमधला आवाज ट्रंकेची हकीकत सांगतो. उजवीकडे मशिनने त्या धुरातही काहीतरी रंगवून ठेवलं होतं, फिकट जांभळ्या ढगांसारखं. ते तसंच दिसू दिलं.

कलाकृती म्हणून मला उजवी भिंत थोडी लांबली असं वाटलं. सेकंदाला चारदा येणारा काळोख डोळ्यांना त्रास देतो आणि मुलं कंटाळून खळ्यात पळाली. पण पडाववाल्यांच्या घरची माणसं आली, त्यांनी डाव्या भिंतीसमोर बसून पडावाची लांबी, वल्ही धरायची पद्धत, दोराला मारायची गाठ यावर तासभर वाद घातला. तो वाद आम्ही रेकॉर्ड केला. माझ्या दृष्टीने सगळ्या प्रकरणातली सर्वांत मोलाची नोंद तीच.

सध्याची स्थिती

आजारी चार रिळं ओलावा आत जाणार नाही अशा पिशव्यांत बंद करून फ्रीझरमध्ये आहेत. गोळा झालेलं रीळ उलगडण्याचा प्रयत्न केलेला नाही. १९६४ पासून पुण्यात असलेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या ठिकाणच्या थंड कोठारात ती द्यावीत असं माझं मत आहे. पावसाळ्यात मालवणची वीज जाते-येते आणि घरगुती फ्रीझर हा तात्पुरताच उपाय. घरच्यांचा अजून निर्णय होत नाही. डबा घराबाहेर द्यायला जीव धजत नाही. कच्च्या स्कॅनच्या तीन प्रती तीन वेगवेगळ्या गावी ठेवल्या आहेत, त्यातली एक गाबित वाड्यात.

रंगीत प्रतीवर चुलतभावाने सगळ्यांच्या संमतीने कोपऱ्यात पट्टी टाकली होती, ‘रंग आणि हालचाल मशिनने रचलेली’. विसर्जनाच्या आतच कोणीतरी तो कोपरा कापून व्हिडिओ पुढे पाठवला. सध्या तो ‘रामदास बोटीचं दुर्मिळ चित्रीकरण’ म्हणून फिरतो आहे. बोटीच्या बाजूवर मशिनने उगवलेल्या त्या अक्षरांत लोकांना ‘राम’ दिसतो. रामदास बुडाली १९४७ साली, ही फिल्म तयार झाली १९६२ साली, हे आम्ही जमेल तिथे लिहितो. नव्या प्रतीत पट्टी कोपऱ्यातून काढून चित्राच्या मधोमध घेतली आहे. दिसायला वाईट दिसते, पण कापता येत नाही.